कॅमेऱ्यासमोरचे हात

प्रिय आई, लेकीचा वाकून नमस्कार.

मी मजेत आहे. थोडा खोकला आहे, पण बाबांना सांगू नकोस.

लाँड्रीत काम करणाऱ्या बायकांवरचा माझा माहितीपट मार्गी लागलाय. त्यांना म्हटलं, कसं दिसायचं ते तुम्हीच ठरवा. इस्त्रीवाल्या मावशी खुर्चीत पाय पसरून बसल्या. म्हणाल्या, "मला अशीच दाखव." मग कॅमेरा हातात घेऊन मलाच म्हणाल्या, "आता तू बस."

नंतर ते चित्रीकरण बघते तर काय, माझे हात स्वेटरच्या बाह्यांत लपलेले! फोटो काढताना तू पदरात लपवतेस, अगदी तसे. तोच तुकडा मी सुरुवातीला लावलाय.

बाबांचा गुडघा कसा आहे? त्यांना तुझा एक फोटो काढायला सांग. हात दिसू देत. आणि त्यासाठी हातातलं काम सोडून ते धुवायला उठू नकोस.

तुझीच,
धाकटी