‘चालता वाडा’ माहितीपटात दोनदा सांगितलेल्या बातमीबाबत

प्रति,
मा. जिल्हा माहिती अधिकारी,
जिल्हा माहिती कार्यालय, सातारा.

अर्जदार : नानासो कोंडीबा शिंगाडे, वय ५४, धंदा मेंढपालन,
रा. बिरोबाची वस्ती, ता. माण, जि. सातारा.

विषय : माझ्या पत्नीच्या निधनाची बातमी मला सांगतानाचे चित्रीकरण दोनदा झाले. त्यातील खरे कोणते याचा लेखी निर्णय मिळणेबाबत, आणि तोपर्यंत माझा सत्कार थांबवणेबाबत.

संदर्भ : आपल्या कार्यालयाचे निमंत्रणपत्र, माहितीपट दाखवण्याचा व सत्काराचा कार्यक्रम, शनिवार दि. २२ मार्च २०२५.

महोदय,

१. दि. ११ एप्रिल २०२४, गुरुवार, पाडव्याचा तिसरा दिवस. त्या दिवशी माझी पत्नी मंगल वारल्याचे मला समजले. किती वाजता समजले आणि किती वाजता समजायला हवे होते, एवढाच या अर्जाचा प्रश्न आहे. बाकी जे लिहिले आहे ते साहेबांना नीट उमगावे म्हणून लिहिले आहे. मी सातवीपर्यंत शिकलो. चूकभूल पोटात घालावी.

२. आम्ही दिवाळीनंतर मेंढरे घेऊन कृष्णाकाठाला उतरतो आणि शेतकऱ्यांच्या रानात बकरी बसवतो, म्हणजे खतासाठी रात्रभर रानात कोंडतो. ह्या फिरत्या मुक्कामाला आम्ही वाडा म्हणतो. २०२३ च्या डिसेंबरापासून आमच्या वाड्याबरोबर तिघे जण होते. श्री. वीरधवल हे माहितीपट करणारे, वाळवा तालुक्यातले, घरची उसाची शेती. दुसरा कॅमेरा चालवणारा. तिसरी संयोगिता, आवाज धरण्याचे यंत्र गळ्यात घालून कानाला डबडी लावून फिरणारी. तिघेही आमच्यात जेवले, आमच्यात झोपले. वीरधवल वाईट माणूस नाही. हे मी मुद्दाम लिहितो, कारण पुढचे वाचून साहेबांचा तसा समज होईल.

३. सुरुवातीला त्यांनी संमतीपत्र वाचून दाखवले. “आमच्या जगण्याचे चित्रीकरण करण्यास हरकत नाही,” असे त्यात होते. मी सही केली, मंगलने अंगठा केला. अंगठा पुसता पुसता तिने विचारले, “जगण्याचं म्हनता, आन मेल्यावं वं?” सगळे हसले. मीपण हसलो.

४. पहिल्या आठवड्यातच त्यांनी मंगलला विहिरीवरून पाण्याचा हंडा आणताना टिपले. मग वीरधवल म्हणाला, “मावशी, ऊन नीट आलं नाही, एकदा पुन्हा.” तिने हंडा ओतून दिला आणि परत भरून आणला. आणून ठेवल्यावर म्हणाली, “पयल्यांदा आनलं ते पानी. दुसऱ्यांदा आनलं ते सोंग. पर हंडा तेवढाच जड लागला बघ, पोरा.” हे वाक्य माहितीपटात आहे. लोक त्याला टाळ्या वाजवतात.

५. दुपारी बाभळीखाली मेंढरे बसली की वीरधवल त्याच्या धंद्याचे सांगायचा. शंभर वर्षे झाली म्हणे माहितीपट निघाल्याला, आणि तेव्हापासून तंटा एकच आहे. एका मताचे म्हणतात, कुठे हात लावू नका, नुसते बघत राहा. दुसरे म्हणतात, कॅमेरा आला की माणूस बदलतोच, तर तुम्ही तिथे आहात हे लपवू नका. तिसरे म्हणतात, खरे दाखवायचे तर थोडे घडवून आणावे लागते. मंगल भाकरी थापत ऐकत होती. म्हणाली, “म्हंजी तुमच्यातबी भावकी हाय म्हना की.” त्यावर वीरधवल इतका हसला की संयोगिताने कानाची डबडी काढली. नंतर मंगलने त्याला विचारले, “आन तू कुठल्या घरचा रं?” तो म्हणाला, “मला अजून कळलं नाही, मावशी.” हे मात्र माहितीपटात नाही.

६. चार महिन्यांत आम्हाला ‘पुन्हा एकदा’ची सवय लागली. वाघर सोडली की पुन्हा बांधायची. वाघर म्हणजे मेंढरांभोवतीची जाळी. चहा प्यालो की पुन्हा प्यायचा. पाय जिथे होता तिथेच ठेवायचा, म्हणजे आधीच्याला पुढचे जुळते. मी यात तरबेज झालो होतो. “नाना एकदम पक्के,” असे कॅमेरावाला म्हणायचा आणि मला बरे वाटायचे.

७. पाडव्यासाठी मंगल सुनेबरोबर गावी गेली. मी माधवनगरजवळच्या एका रानात वाड्यावर राहिलो. ती परत आल्यावर द्यावी म्हणून पाडव्यादिवशी मी एक हिरवी साडी घेऊन ठेवली. माझा मोबाईल चित्रीकरणात वाजतो म्हणून बंद करून त्यांच्या पिशवीत असायचा. त्यामुळे घरच्यांनी काही निरोप असला की वीरधवलच्या मोबाईलवर सांगायचे, असे ठरले होते.

८. गुरुवारी पहाटे पाचच्या सुमारास मंगल झोपेतच गेली. सहाला सून उठवायला गेली तेव्हा कळले. माझा मुलगा मल्हार याने वीरधवलला फोन केला. तो फोन सात वाजून एकेचाळीस मिनिटांनी आला. मला बातमी सांगितली ती आठ वाजून छत्तीस मिनिटांनी. मध्ये पंचावन्न मिनिटे आहेत. हे मी अंदाजाने लिहीत नाही. संयोगिताचे यंत्र चालू होते, त्यात फोनवरचे बोलणे आले आहे आणि यंत्रात घड्याळ असते. गेल्या डिसेंबरात ती एकटी वस्तीवर आली, मंगलच्या फोटोला हात जोडले, आणि वेळा लिहिलेला कागद माझ्या हातात देऊन रडली. कागद सोबत जोडला आहे.

९. त्या पंचावन्न मिनिटांत काय झाले ते तिने सांगितले तसे लिहितो. वीरधवल आधी उसाच्या फडाआड जाऊन रडला. मग येऊन दोघांना म्हणाला, “आत्ता सांगितलं तर नाना तसेच निघून जातील. मेंढरं सुटेपर्यंत थांबू. कॅमेरा लागू दे.” संयोगिता म्हणाली, “हे आपलं नाही, त्यांचं आहे.” तो म्हणाला, “चार महिने त्यांचं सगळं आपण घेतलंच की. सुखाचं घ्यायचं आणि दुःख आलं की कॅमेरा झाकायचा, हे तरी खरं का?” तिने यंत्र बंद केले नाही, आणि ती चूक आपली आहे, असे ती म्हणाली. मला तिचा राग नाही. मल्हारला मात्र फोनवर तेव्हाच सांगितले गेले, “नानांना घेऊन निघालोच.”

१०. मी त्या वेळी चहा ठेवला होता. तिघांना दिला. वीरधवलला विचारले, “आज गप का रं? कुनी मारलं का काय?” तो म्हणाला, झोप झाली नाही. मी म्हणालो, “म्हातारी आली की सांगतो तिला, पोराला चांगलं दूध घाल.” साहेब, त्या वेळी माझी बायको वारलेली होती आणि ते माझ्या हातचा चहा पिणाऱ्या तिघांनाही ठाऊक होते. हा चहा माहितीपटात आहे. बघणारे हसतात.

११. मग वाड्यावरच असलेला माझा चुलतभाऊ भाऊसो याला सांगायला पाठवले. त्यालाही दोनच मिनिटे आधी कळले होते. तो येऊन म्हणाला, “नाना, वयनी ऱ्हायली न्हाई.” मी त्याच्याकडे बघितले. एका कोकराचा पाय वाघरीत अडकला होता. तो मी सोडवला, सुटलेली गाठ परत मारली आणि म्हणालो, “बरं.” एवढेच. रडलो नाही. काही वाटलेच नाही, असे म्हणावे तर तेही खरे नाही.

१२. तेवढ्यात मेंढरांचा लोंढा कॅमेऱ्यापुढून गेला होता आणि मी मध्येच झाकला गेलो होतो. वीरधवल हळू आवाजात म्हणाला, “नाना, एकदा पुन्हा.” आणि मी जाऊन त्याच खुंटीपाशी उभा राहिलो. पाय होता तिथे पाय ठेवला. भाऊसो माझ्या तोंडाकडे बघत राहिला. मीच त्याला म्हणालो, “सांग की रं.” त्याने परत सांगितले. तेव्हा मी जमिनीवर बसलो आणि ओरडून रडलो.

१३. माहितीपटात आहे ते हे दुसऱ्या वेळचे रडणे. पहिले ‘बरं’ नाही. दुसऱ्यांदा मला कोणी धरून उभे केले नव्हते, मी आपल्या पायाने गेलो. हे मी लपवत नाही. लपवून हा अर्ज खरा होणार नाही.

१४. आम्ही त्यांच्याच गाडीने सव्वानऊला निघालो. साडी माझ्या मांडीवर होती. विट्याच्या पुढे चढाला गाडी थांबवली, कॅमेरावाला उतरून माळावर गेला आणि जाणारी गाडी लांबून टिपली. ती एकदा गेली, परत मागे आली, पुन्हा गेली. त्यात पस्तीस मिनिटे मोडली. तोवर वीरधवलने आपलाही मोबाईल बंद केला होता. वस्तीवर मल्हार आणि माझी चुलती राहीबाई वाट बघत होते. निघाले म्हणून निरोप पावणेआठचा, तीन तासांची वाट, म्हणजे अकराच्या आत यायला हवे होते. फोन लागेना. चैत्राचे ऊन, वस्तीवर बर्फ नाही, देह पहाटेपासूनचा. बारा वाजता जाणत्यांनी उचलायचे ठरवले.

१५. आमच्यात सवाष्ण बाई गेली तर तिला नवऱ्याने आणलेले हिरवे लुगडे नेसवतात आणि नवरा आपल्या हाताने तिच्या कपाळी कुंकवाचा मळवट भरतो. लग्नात पहिले कुंकू त्याने लावलेले असते, शेवटचेही त्यानेच लावायचे. मग तिची तिरडी उठते. नवरा हयात असून त्याने मळवट भरला नाही, असे आमच्या वस्तीवर कोणाला आठवत नाही. मंगलला राहीबाईने आपल्या हाताने कुंकू लावले आणि म्हणाली, “पोरी, माझा हात गोड मानून घे, त्यो वाटंत हाय.” अग्नी साडेबाराला दिला. मी बाराला पन्नास मिनिटांनी पोहोचलो.

१६. वीस मिनिटे, साहेब. पंचावन्न मिनिटे एकीकडे, विट्याजवळची पस्तीस दुसरीकडे. यातली कुठलीही एक घटका मला मिळाली असती तरी मळवट भरून झाला असता. मी हा हिशेब गेले तीन महिने रोज करतो आणि तो रोज तितकाच येतो.

१७. माहितीपट मल्हारने मोबाईलवर दाखवला. जानेवारीत मंगल हसली ते आधी आणि लगेच माझे रडणे पाठोपाठ लावले आहे. मध्ये तीन महिने होते, ते कुठे गेले असे मी विचारले तर म्हणतात, त्याला जुळणी म्हणतात. दहिवडीच्या बाजारात भेटलेली माणसे पाठीवर हात ठेवून म्हणतात, “लय रडलास गड्या. लय खरं वाटलं.” आणि आपल्या निमंत्रणपत्रात लिहिले आहे की, माझ्या ‘हृदयस्पर्शी सहभागाबद्दल’ शाल व श्रीफळ देऊन सत्कार होणार आहे. आपल्या कार्यालयाला हे काही माहीत नव्हते, तेव्हा यात आपला दोष नाही. पण शाल नेमकी कशाची, हे मला कळायला हवे. पहिल्यांदा कोकरू सोडवले त्याची की दुसऱ्यांदा रडलो त्याची?

१८. भाऊसो त्या दिवसापासून माझ्या डोळ्याला डोळा देत नाही. परवा मीच त्याला अडवले. तो म्हणाला, “नाना, मला एकदाच सांगायचं हुतं रं. दोनदा सांगितलं, मला वाटलं मीच तिला दोनदा मारली.” त्याच्यासाठी तरी याचा निकाल लागावा.

१९. दुसऱ्यांदाचे रडणे सोंग होते, असे मला म्हणता येत नाही. ते आतून आले होते, अजून येते. आणि पहिले ‘बरं’ खोटे होते, असेही म्हणता येत नाही. मंगल असती तर तिने एका वाक्यात सांगितले असते. हंड्याचे तिने सांगून ठेवले आहे, पण सोंगही आणि जडही, तर मग ते काय झाले, हे विचारायचे राहून गेले. मी वीरधवलला फोन करून विचारले. तो म्हणाला, “नाना, मला माफ करा, पण मला अजूनही कळलं नाही.”

२०. तरी नम्र विनंती की, तलाठी जळिताचा पंचनामा करतो तसा या दोन्ही चित्रणांचा पंचनामा व्हावा. दोन पंच असावेत. ते मेंढपाळ नसावेत आणि माहितीपटवालेही नसावेत, पण त्यांच्या घरात कोणी तरी वारलेले असावे. त्यांनी पहिले बघावे, दुसरे बघावे, आणि मी माझ्या बायकोला केव्हा रडलो ते लिहून द्यावे. असा पंचनामा कुठल्या नियमात बसतो ते मला माहीत नाही. बसत नसल्यास तसेही लेखी कळवावे.

२१. रडण्याचे दृश्य काढून टाकावे, अशी माझी मागणी नाही. काढले तर झालेलेच पुसले जाईल, आणि भाऊसोने मंगलला ‘वयनी’ म्हटलेले त्यात शेवटचे आहे. एवढेच करावे की त्या दृश्याआधी पडद्यावर साध्या अक्षरांत लिहावे : “ही बातमी चित्रीकरण करणाऱ्यांना ७ वाजून ४१ मिनिटांनी कळली. नानासो यांना ८ वाजून ३६ मिनिटांनी सांगितली. येथे दिसते ते दुसऱ्यांदा सांगितलेले आहे.” वीरधवलने याला हो म्हटले आहे. पण साताऱ्याला दाखवायची प्रत आपल्याकडे पोहोचली आहे, तेव्हा २२ तारखेच्या आत ते आपणच करवून घ्यावे. तसे झाले तर मी कार्यक्रमाला येईन, मागच्या रांगेत बसेन. शाल नको. झाले नाही तर माझी खुर्ची रिकामी ठेवावी आणि का रिकामी आहे ते मंचावरून सांगावे.

इतके वाचायला साहेबांनी वेळ दिला, त्याबद्दल उपकार मानतो.

आपल्या उत्तराची वाट पाहणारा,
आपला नम्र,
(सही) नानासो कोंडीबा शिंगाडे
बिरोबाची वस्ती, ता. माण
दि. ६ मार्च २०२५

सोबत जोडले आहे :
१) निमंत्रणपत्राची प्रत.
२) संमतीपत्राची प्रत. माझी सही व मंगलचा अंगठा.
३) कै. सौ. मंगल हिच्या मृत्यूच्या दाखल्याची प्रत.
४) संयोगिता यांच्या हातचा वेळांचा कागद.

हिरवी साडी आणि कुंकवाचा करंडा जोडलेला नाही. दोन्ही घरी आहेत. साडीची घडी मोडलेली नाही. मळवट भरायचा राहिला आहे.