तीन आठवड्यांत भरणारं हाड

सोमवार, ६ मे

डाव्या हाताने लिहितोय. अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय. वाचणारा मीच, त्यामुळे चालेल.

उजवा हात मोडला. मनगटाच्या वर, दोन्ही हाडं. क्वायरच्या प्रॅक्टिसमध्ये सेमिसी मास्तर उभं राहायच्या लाकडी पेटीवरून पडले असं गावात बोललं जातंय. साफ खोटं. मी पडलो नाही. मागच्या रांगेने आवाज चढवावा म्हणून एक पाऊल मागे सरकलो, तर तिथे पेटी संपली होती. पेट्या मोठ्या बनवायला हव्यात.

नर्स मेलेनाइतेने चर्चच्या मोडक्या खुर्चीच्या दोन पट्ट्या लावून हात बांधला. मग ट्रकमधून हॉस्पिटल. डॉक्टर पोरगेला, न्यूझीलंडला शिकून आलेला. हाडं ओढून सरळ केली (मी ओरडलो नाही, सूर तपासला) आणि ओल्या पट्ट्या गुंडाळत गेला. कोपर काटकोनात, दंडापासून बोटांच्या मुळापर्यंत सगळं पांढरं. वाळताना गरम लागतं. सहा आठवडे म्हणाला. मी सांगितलं, चौदा जूनला राजधानीत, नुकुआलोफाला चर्चची कॉन्फरन्स आहे, टोंगाच्या साऱ्या बेटांवरून क्वायर येतात, आमच्या क्वायरला एकोणीस वर्षं समोर उभं राहून मीच हात दाखवतो, आणि यंदाची चाल माझी स्वतःची आहे. तो म्हणाला, हाडाला कॅलेंडर वाचता येत नाही. लहान आहे म्हणून सोडून दिलं.

निश्चय: तीन आठवड्यांत हाड भरायचं. इच्छाशक्ती. कुरकुर अजिबात नाही. कॉन्फरन्सला समोर मीच उभा राहणार.

बुधवार, ८ मे

डाव्या हाताने प्रॅक्टिस घेतली. डावा हात हा उजव्याचा आरसा निघाला. उजवा आत जायचा तिथे हा बाहेर जातो. पुरुषांनी उचलायच्या ओळीला बायका सुरू झाल्या, आणि पुरुष सुरूच झाले नाहीत. फिलिमोने (शेजारी राहतो, खर्जात गाणाऱ्या बेसच्या रांगेचा म्होरक्या, माझ्याच वयाचा पण पोक्त नाही) म्हणाला, मास्तर, गाणं घेताय का माशा हाकलताय? सगळे हसले. मीही हसलो. मन मोठं असावं लागतं.

नंतर प्लास्टरचाच हात हलवून पाहिला. तो फक्त खांद्यातून हलतो, आख्खा. पहिल्या रांगेतल्या बायका एक पाऊल मागे गेल्या. शिस्त चांगली आहे.

सोमवार, १३ मे

तोडगा सापडला. माझी बायको लुपे हिला शेजारी उभी केली. मी भुवयांनी गाणं घेणार, तिने फक्त त्या भुवया हातानं दाखवायच्या. ती म्हणाली, तुझ्या भुवया वीस वर्षं बघतेय, तुला भूक लागली एवढंच त्यातून कळतं.

तरी उभी राहिली. चारही आवाज एकदम सुरू झाले आणि एकदमच थांबले. असं यापूर्वी झालेलं आठवत नाही. एकोणीस वर्षांची माझी मेहनत आज फळाला आली. लोक सारखे तिच्याकडे बघत होते. माझ्या हाताकडे बघवत नसेल त्यांना.

शुक्रवार, १७ मे

कुरकुर नाही, फक्त नोंद. आत खाज सुटते. कोपराच्या खाली चार बोटं, जिथे कोणीच पोचू शकत नाही. झाडूतला नारळाचा हीर काढून आत घातला. स्वर्गसुख. मग हीर मोडला. अर्धा माझ्या हातात, अर्धा आत. लुपेने चिमट्याने प्रयत्न केला, तो आणखी खाली गेला. म्हणाली, राहू दे, तेवढाच हाडाला आधार.

संध्याकाळी फिलिमोनेकडे काव्हा (मुळं कुटून पाण्यात कालवलेलं आमचं पेय) प्यायला बसलो. आमच्या बेसचं पाठांतर काव्ह्याच्या परातीभोवतीच होतं. करवंटी डाव्या हाताने घेतली, निम्मी प्लास्टरवर सांडली. तिथे प्लास्टर मऊ पडलं, बोट दाबलं तर खड्डा पडतो. ध्यानात ठेवण्यासारखी गोष्ट. वास मात्र ओल्या कुत्र्याचा येतोय.

बुधवार, २२ मे

फळ्यावर लिहिलेली चाल आम्ही आकड्यांत वाचतो, सा म्हणजे तीन, तिथून वर नऊपर्यंत. आज सुचलं की फळा कशाला, प्लास्टर आहे की. निळ्या पेनने बेसच्या सगळ्या ओळी दंडापासून मनगटापर्यंत लिहून काढल्या. शेवटचा सूर सोळा मात्रा धरायचा, तो अंगठ्यापाशी आला. तो सोळा मात्रांचा सूर हाच या चालीचा प्राण आहे. आमचे लोक अकराव्या मात्रेला फुटतात. फुप्फुसं कमजोर.

बेसवाले माझ्या कोपराभोवती गोळा होऊन गायले. फिलिमोने म्हणाला, मास्तर, दुसरी ओळ काखेत आहे, तिथून आम्ही गाणार नाही.

सोमवार, २७ मे

तीन आठवडे पूर्ण. हाड भरलं आहे. आतून जाणवतं. मेलेनाइतेने हॉस्पिटलला फोन लावला, डॉक्टर नाही म्हणाला. त्याने हात बघितलासुद्धा नाही.

मग लाविनियाआत्याकडे गेलो. वडिलांची थोरली बहीण. आमच्याकडे भावाच्या मुलांनी आत्यापुढे तोंड उघडायचं नसतं, तिने माझ्या घरातलं डुक्कर सोडून नेलं तरी मी दोरी हातात द्यायची. शिवाय गावातली निम्मी हाडं तिने तेल लावून, बोटांनी बसवलेली. म्हटलं हा हात ती उघडेल. उत्तम कोनफळ आणि एक चटई घेऊन गेलो. चटई तिने ठेवून घेतली. प्लास्टर हुंगलं. नारळ निवडताना वाजवतात तसं वाजवून बघितलं. म्हणाली, आधी माझ्याकडे आला असतास तर मी बसवला असता. आता त्या पोराने काम हातात घेतलंय, त्यात मी बोट घालणार नाही. एका हाडाला दोन वैद्य झाले की हाड कुणाचंच ऐकत नाही. घरी जा, गप्प बस.

प्लास्टर काढू नकोस असं ती म्हणाली नाही. मी नीट आठवून बघितलं. गप्प बस एवढंच म्हणाली. गप्प राहून पुष्कळ करता येतं.

रविवार, २ जून

सकाळी ११. योजना. प्लास्टर पाण्याने विरघळतं हे काव्ह्याने सिद्ध केलं आहे. घरात बादली भरली तर लुपे बघेल. म्हणून समुद्र. रविवारी आमच्याकडे पोहायला बंदी, कामाला बंदी, म्हणजे किनाऱ्यावर चिटपाखरू नाही. चर्चनंतर भट्टीतलं जेवण झालं की गाव मेल्यासारखं झोपतं. रविवार याहून सोयीचा दिवस नाही. योजनेत खोट शोधली, सापडली नाही.

संध्याकाळी ६. भूक नाही, झोपूनही दुखतंय. जे झालं ते क्रमाने.

पाण्यात गळ्यापर्यंत उभा राहिलो. अर्ध्या तासात प्लास्टर भिजल्या कणकेसारखं झालं. माझी चाल निळी होऊन पाण्यात वाहून गेली, सोळा मात्रांसकट. पट्ट्या सोलायला सुरुवात केली. तेवढ्यात शेवाळलेल्या दगडावरून पाय गेला आणि मी हातावर पडलो. कट् असा आवाज आला. आधी वाटलं, हीर. हीर नव्हता.

मी ओरडलो. रविवारच्या शांततेत आवाज लांब जातो. आख्खं गाव आलं. पाद्री सगळ्यांच्या पुढे, झोपेतून उठलेला पण मानाने कमरेला गुंडाळतात ती चटई व्यवस्थित बांधलेली. मी म्हणालो, मी पोहत नव्हतो, मी उभा होतो. फिलिमोने म्हणाला, उभा तरी कुठे, बसलाय.

लुपे कपड्यांसकट पाण्यात शिरली आणि मला बाहेर काढलं. मग तरंगणाऱ्या पट्ट्या वेचू लागली. शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

सोमवार, ३ जून

पुन्हा हॉस्पिटल. पुन्हा ओढाताण. डॉक्टरने आतला हीर चिमट्याने काढून थाळीत ठेवला आणि सगळ्या नर्सना बोलावून दाखवला. नवं प्लास्टर. आजपासून सहा आठवडे. मी विचारलं, चौदा तारखेपुरतं काढून पंधराला परत घालता येईल का? तो म्हणाला, काका, तुम्ही कॉन्फरन्सला जा आणि ऐका. ऐकायला हात लागत नाही.

बुधवार, ५ जून

पाद्री आणि आत्या दोघं आले. रविवार मोडणारा माणूस कॉन्फरन्समध्ये क्वायरपुढे उभा राहू शकत नाही, पाद्री म्हणाला, पण खाली अंथरलेल्या चटईकडे बघत. मी जरा रडवेला झालो असतो तर विरघळला असता. पण आत्या म्हणाली, लुपे हात दाखवेल. झालं, विषय संपला.

मी म्हणालो, आत्या, एकोणीस वर्षं. ती म्हणाली, एकोणीस वर्षं लोकांनी तुझं मन राखलं, आता त्यांना गाणं राखू दे.

हे लागलं. हातापेक्षा जास्त लागलं. आत्याचं वय झालं आहे, तिला हल्ली नीट ऐकू येत नाही. तरी लागलं.

शुक्रवार, १४ जून

नुकुआलोफा. बोटीत सगळे ओकले, मी सोडून. मी फक्त बाजूला वाकून बसलो होतो.

क्वायरच्या पिशव्या सांभाळायला मला सर्वांत मागे बसवलं. ठरवलं होतं की तिथून भुवयांनी गाणं घ्यायचं, लुपेला दिसलं तर दिसलं. ती माझ्याकडे पाठ करून उभी होती. हात दाखवताना असंच उभं राहतात, मला माहीत असायला हवं होतं.

तिने हात उचलला. माझी चाल. हळू, माझ्यापेक्षा हळू घेतली. शेवटचा सूर आला. मी मोजत होतो. अकरा. बारा. कुणीच फुटलं नाही. चौदा. पंधरा. सोळा. मग तिने मूठ मिटली आणि सगळं एकदम थांबलं, आख्ख्या चर्चमध्ये कुणी खोकलंसुद्धा नाही. शेजारची म्हातारी रडत होती. मीही रडलो. ही चाल एवढी चांगली आहे हे मला आजच कळलं.

अध्यक्ष म्हणाले, हात दाखवणाऱ्याने उभं राहावं, सगळ्यांना बघू दे. मी उभा राहिलो. सवयीने. शेजारची म्हातारी शर्ट ओढून म्हणाली, बाबा, खाली बस, तिला बघायचंय.

बुधवार, १७ जुलै

परवा प्लास्टर निघालं. आतून निघालेला हात माझा वाटत नाही, सोललेल्या कसाव्यासारखा पांढरा आणि बारीक.

आज प्रॅक्टिस. मी लवकर जाऊन पुढे उभा राहिलो. लोक आले, प्रत्येकाने हात बघितला, दाबून बघितला, मायेने विचारलं. मग आपापल्या जागी गेले आणि थांबले. फिलिमोनेनेसुद्धा टोमणा मारला नाही, तेव्हा मी घाबरलो. लुपे दाराशी उभी राहून जमिनीकडे बघत होती. मी हात उचलला असता तर ती मुकाट्याने बायकांच्या रांगेत गेली असती. हे मला स्पष्ट दिसलं.

मी म्हणालो, डॉक्टरने वर्षभर हात उचलायचा नाही असं सांगितलंय. डॉक्टर असं काहीही म्हणालेला नाही. बेसमधला एक जण फळं तोडायला ऑस्ट्रेलियाला गेलाय, त्याची जागा रिकामी होती. चालीचा कागद हातात धरून तिथे जाऊन उभा राहिलो.

लुपेने सुरू केलं आणि थांबवलं. म्हणाली, बेसमध्ये एक जण पुढे पळतोय. मी फिलिमोनेकडे बघितलं. पुन्हा सुरू, पुन्हा थांबवलं. फिलिमोने माझ्याकडे बघत होता. तिसऱ्यांदा ती माझ्यासमोर येऊन उभी राहिली आणि हळूच म्हणाली, सेमिसी, कागदात नको. माझ्याकडे बघ.

बघितलं. मग जमलं.