कोळगढीचा ढिगार

८ सप्टेंबर २०२५, सोमवार

जाणार नव्हतेच. शेषेराव सर दारात येऊन नाव लिहून घेऊन गेले!

सर म्हणजे इतिहासाचे निवृत्त मास्तर. दरवर्षी सप्टेंबर आला की त्यांच्या अंगात येतं. यंदा ज्येष्ठ नागरिक संघातर्फे एक दिवसाची सहल – ‘लढायांच्या खुणा’. येत्या रविवारी सकाळी सहाला लातूरहून निघायचं. उदगीरचा किल्ला, हत्तीबेट, शेवटी कोळगढी. वाटाडे तेच, बोलणार तेच, आम्ही फक्त माना हलवायच्या.

एस.टी.च्या बुकिंग खिडकीत एकतीस वर्षं काढली मी. सगळ्या जगाला गाड्या दाखवल्या. आता मला कुठं जायची हौस राहिलेली नाही. अव्वाचं अंथरूण, अव्वाची पेज, अव्वाच्या गोळ्या – माझा रूट ठरलेला आहे आणि त्यावर थांबेही नाहीत.

“नको सर, आईला सोडून–” एवढं म्हणेपर्यंत आतून आवाज आला, “कोळगढी कोण म्हणलं?”

झालं. तिथंच अडकले.

९ सप्टेंबर, मंगळवार

अव्वा चौऱ्याऐंशीची. आठ महिने झाले उंबरा ओलांडून. कोळगढी तिचं माहेर – माहेर कसलं, सात वर्षांची असताना सुटलेलं गाव. तिचे वडील संगप्पा, म्हणजे माझे आजोबा, तिथं किराण्याचं दुकान चालवायचे. सगळ्या गावात लिंगायताचं घर एवढं एकच. अठ्ठेचाळीस साली रझाकार म्हणाले, दुकान बंद ठेव. अप्पांनी उघडं ठेवलं. त्यांना मारायला एवढंच कारण. त्यांना तिथंच मातीत ठेवलं आणि आजी अव्वाला घेऊन त्याच दिवशी निघाली. परत कोणी गेलं नाही. आजीनं तसं बजावलंच होतं.

आज सकाळी लिंगपूजा आटोपून अव्वा म्हणाली, “अप्पाची मूठभर माती आण. माझ्या हातावर लिंग ठेवताल तवा ती बी ठेवा. मग झाका मला.”

आमच्यात जाळत नाहीत. आमचा पुजारी जंगम येतो; तळहातावर इष्टलिंग देऊन, बसवून मातीत ठेवतात. खिडकीतल्या बाकीच्या बायकांना हे दर वेळी नव्यानं सांगावं लागायचं आणि दर वेळी त्यांचे डोळे मोठे व्हायचे.

“कुठली माती आणू? जागा कशी ओळखू?”

“गढीच्या खाली. गेलीस की कळतंय.”

मला घरातल्या घरात तिचा चष्मा सापडत नाही! पण हो म्हटलं. वाद घालायलाही अंगात जोर लागतो.

१२ सप्टेंबर, शुक्रवार

शेजारच्या आरतीला रविवारी अव्वाजवळ थांबायला सांगितलं. कुंकवाची रिकामी डबी धुऊन पर्समध्ये टाकली. अव्वानं तीनदा विचारलं, डबी घेतलीस का.

१४ सप्टेंबर, रविवार

परतले, साडेसातला. पाय सुजून चप्पल निघेना. लिहायचं त्राण नाही. अव्वा झोपली आहे, बरं झालं.

१५ सप्टेंबर, सोमवार

कालचं लिहून टाकते. नाहीतर डोक्यात फिरत राहील.

गाडीत आम्ही बेचाळीस जण. निम्म्यांचे गुडघे गेलेले, उरलेल्यांची कंबर. सरांच्या गळ्यात तो कीर्तनकारासारखा माईक. उदगीर येईपर्यंत त्यांनी निजामाला चारदा हरवलं. किल्ल्यात खंदकाजवळ उभं करून सतराशे साठ सालची लढाई सांगितली – तोफा कुठं, घोडदळ कुठं, तह कसा झाला. ऊन मी म्हणत होतं. मी बुरुजाच्या सावलीत जाऊन बसले. “ताई, इकडं या, इथून दिसतंय!” मला तिथूनही सगळं दिसत होतं. दगड होते.

हत्तीबेटाच्या पायऱ्या चढलेच नाही. खालीच बसून दोन केळी खाल्ली.

कोळगढीला पोचलो तेव्हा चार वाजून गेले होते. गढी म्हणजे आता एक भिंत आणि तिच्यावर वाढलेलं गवत. चौकात हुतात्म्यांचा स्तंभ. सरांनी नावं वाचली. मी कान देऊन ऐकलं. संगप्पा नाही. जवळ जाऊन विचारलं, तर सरांनी वहीतली यादी बोटानं दोनदा तपासली. “नाही हो ताई. संगप्पा वाणी कुठंच नाही. लढ्यात होते का?”

“दुकान उघडं ठेवलं होतं.”

“हां… मग तसं नाव लागत नाही.”

राग आला नाही. आपल्या माणसाचं नाव यादीत नसणं मला नवं नाही. वेटिंगच्या याद्या मीच चिकटवत होते.

मग सगळ्यांना गढीच्या मागं नेलं. तिथं हा एवढा, माझ्या खांद्याला लागेल असा दगडांचा ढिगार. शेजारी एक बेलाचं झाड. सरांचा आवाज एकदम चढला – “हा रझाकाराचा ढिगार! गावकऱ्यांनी त्यांचा म्होरक्या इथं गाडला. तेव्हापासून येणारा-जाणारा एक दगड टाकतो. चला, प्रत्येकानं एक!”

लोकांना एवढ्या वेळात पहिल्यांदाच तरतरी आली. हसत हसत दगड शोधायला लागले. एका आजोबांनी तर दोन टाकले, एक बायकोच्या वाटणीचा. मी नुसती उभी होते. सर म्हणाले, “ताई, तुम्ही तर कोळगढीच्या नात. तुमचा आधी पाहिजे होता!” सगळे माझ्याकडे बघायला लागले. लवकर उरकेल म्हणून वाकले, हाताला आला तो दगड उचलला, टाकला. लागल्याचा आवाजही ऐकला.

बाकीचे गाडीकडे वळले. बेलाच्या झाडाला पानं इतकी – एक फांदी ओरबाडलेली नाही! लातूरच्या बाजारात असा बेल मिळत नाही. अव्वाच्या पूजेला म्हणून मूठभर तोडला. तिथं खाली चाँदपाशा म्हणून एका म्हाताऱ्याची चहाची टपरी आहे. तो तिथूनच म्हणाला, “बाई, यहाँ का बेल कोई नै तोड़ता.”

“कामून?”

“लोगां बोलते रझाकार की कबर है. हमारी नै है बाई. हमारे में ऐसी गोल नै रखते, लंबी रहती, उत्तर-दक्खन. बोल बोल के मैं थक गया.”

मी हो हो म्हटलं. माझे पाय ठणकत होते, ड्रायव्हर हॉर्न देत होता. तो चहा घेऊन जा म्हणाला, तेही नको म्हटलं.

आणि माती राहिली! नळेगावच्या फाट्यावर हॉटेलात उतरलो तेव्हा डबी हाताला लागली. परत जाणं तर शक्यच नव्हतं. हॉटेलच्या मागं, हात धुवायच्या पिंपापासून जरा लांब, वाकून डबी भरली. माती ती माती. इथं वहीत खोटं कशाला लिहू?

आज सकाळी अव्वानं पूजा केली. बेल बघून खूश झाली – “लई कोवळा हाय.” मग डबी दिली. तिनं चिमूट काढली, बोटांत चोळली, नाकाशी नेली.

“ही कोणची?”

“कोळगढीची.”

“काळी हाय.”

“मग?”

“तिथं तांबडा मुरूम हाय.”

मी ओरडले! सत्त्याहत्तर वर्षं झाली, मातीसुद्धा बदलते, मी दिवसभर उन्हात तुझ्यासाठी पाय झिजवले – काय काय बोलले. तिनं डबीचं झाकण लावून उशाशी ठेवली. टाकून दिली असती तर बरं वाटलं असतं.

१६ सप्टेंबर, मंगळवार

अव्वा कालपासून नीट जेवली नाही. दुपारी पेज भरवताना तोंड फिरवलं आणि भिंतीकडे बघत बोलायला लागली. इतक्या वर्षांत हे सगळं कधी सांगितलं नव्हतं. आजी होती तोवर विषय काढायची सोय नव्हती आणि नंतर मी कधी विचारलं नाही.

“जंगम यायला भेत होता. दोघं जण आले, त्यायनी खड्डा केला. आई सांगत होती तसा – गोल. अप्पाला बसविला. हातात लिंग दिलं. वरून मुरूम लोटला. पर खड्डा वरच्यावर झाला, खोल न्हाई. घाई होती. कोल्ही लई होती तवा. म्हणून आई आन मी दगडं येचली. पदरात भरभरून. माझ्या हाताला लागंल ते मी आणलं. पुरली न्हाईत. तेवढ्यात माणसं आली, चला चला करून राहिली. आईनं पूजेतलं बेलाचं रोप तिथं खोसलं आन निघालो.”

गोल.

दगड.

बेल.

भांडं खाली ठेवलं आणि मागच्या दारी गेले. चाँदपाशा काय सांगत होता ते मला परवा कळलं नाही. मला! सबंध गाडीत कळण्यासारखी मी एकटी होते. बाकीच्यांनी ढिगार बघितला. मला माझ्या घरातली रीत दिसायला पाहिजे होती.

आणि मी दगड टाकला. उरकून घ्यायचं म्हणून.

त्याच झाडाची पानं कालपासून अव्वाच्या लिंगावर आहेत. अजून हिरवी आहेत.

लाज वाटते. इतकी की अव्वाच्या खोलीत जायला पाय उचलत नाही.

१७ सप्टेंबर, बुधवार

मुक्तिदिन. कॉलनीत झेंडा झाला, लाउडस्पीकर दुपारपर्यंत चालू होता.

सरांना फोन केला. तो ढिगार रझाकाराचा हे तुम्हाला कोणी सांगितलं? “कोणी म्हणजे? अख्खं गाव सांगतं. पुरलेला आहे म्हटल्यावर त्यांचाच ना ताई! आपल्यातला असता तर जाळला नसता का?”

मी म्हटलं, सर, आम्ही पुरतो.

 सर हळूच म्हणाले, “मी स्वतः अकरा खेपा दगड टाकलाय हो.” बिचाऱ्यांचा आवाज इतका पडला की मलाच त्यांची समजूत घालावी लागली. त्यांनी तरी दुसरं काय समजावं? गावातलं ते एकुलतं एक घर त्याच दिवशी निघून गेलेलं. सांगायला उरलं होतं कोण? एक चाँदपाशा. आणि त्याचं या बाबतीत कोण ऐकणार!

अव्वाला सांगायला दोनदा खोलीत गेले. एकदा चादर बदलून आले, एकदा पंखा कमी करून.

१८ सप्टेंबर, गुरुवार

अजून नाही.

१९ सप्टेंबर, शुक्रवार

सांगितलं.

हॉटेलची माती आधी सांगितली. “म्हाईत हाय,” म्हणाली. मग ढिगार, बेल, चाँदपाशाचं बोलणं. मग लोक काय समजतात ते. दगडाचं शेवटी. तिच्याकडे न बघता, तिचे पाय चेपत चेपत.



“तू बी टाकलीस?”

“हो.”

“केवढा?”

“मुठीएवढा.”

“आन बाकीच्यायनी?”

“सगळ्यांनीच. बेचाळीस जण होतो.”

“दरसाल टाकतेत?”

“गावातले येता-जाता टाकतात म्हणे. इतकी वर्षं.”

“मंग किती उंच झालाय?”

मी उठून खांद्याला हात लावून दाखवला. इथपर्यंत. तिनं माझ्या पायापासून खांद्यापर्यंत बघितलं, मग परत खालपासून वर. मला तेव्हा रडू फुटलं. मी म्हटलं, अव्वा, मला माफ कर, मी त्यांना दगड मारला.

“गप. येडी का काय!” तिनं माझं मनगट धरलं. बोटांत एवढा जोर आहे हे मला माहीत नव्हतं. “सात वर्साची होते तवापासून डोळं मिटलं की मला एकच घोर. दगडं पुरली न्हाईत. कोल्ह्यानं उकरला आसंल अप्पाला. आईला बी कधी विचारलं न्हाई, ती बी बोलली न्हाई. एवढा ढीग हाय म्हणतीस?”

“एवढा आहे.”

“मंग कशानं उकरतंय कोल्हं!”

आणि हसली. दात नाहीत, सगळं तोंड उघडून हसली. मग म्हणाली, पेज आण. दोन वाट्या घेतल्या, लोणच्याचा खार मागून.

२० सप्टेंबर, शनिवार

उद्या सकाळी जीप सांगितली आहे. अव्वा स्वतः येणार. मी नको नको म्हटलं, ऐकत नाही. डबी घासून पर्समध्ये ठेवत होते, तर म्हणाली, “बेडा.” नको. माती आता नको तिला.

“मला तिथं खाली बसीव. आन एक दगड दे हातात. त्या दिवशीचा राहिलाय.”