बटाटे हलवू नका, बाबा

प्रिय शांभवी,

अनेक आशीर्वाद. रविवारी फोनवर तू सांगितलंस की बाबा, मी पुन्हा लग्न करायचं ठरवलंय, आणि मी तुला विचारलं की बटाटे आधी उकडायचे की कच्चेच तव्यावर टाकायचे. तू म्हणालीस, अर्धवट उकडा, आणि तव्यावर टाकले की हलवू नका, बाबा. आणि फोन ठेवलास. तेव्हापासून मला धड झोप नाही. म्हातारा रागावला असं तुला वाटलं असेल. रागावलो नव्हतो गं, माझ्या हातात खरंच बटाटे होते. पुन्हा फोन केला तर पुन्हा असंच काहीतरी तोंडातून निघेल, म्हणून लिहितो आहे. घरात आपण मराठी बोलत असलो तरी माझी आठवीपर्यंतची शाळा तमिळमधली. ही मराठी अक्षरं तूच जुन्या कॅलेंडरच्या पाठीवर माझ्याकडून गिरवून घेतलीस, तेव्हा चुकांमध्ये तुझाही वाटा आहे.

आदल्या दिवशी भरद्वाजचं श्राद्ध होतं. ते होऊन जाऊ दिलंस आणि मगच फोन केलास, हे मला कळलं. बापाने मुलाचं श्राद्ध करायचं हे उलटं काम, हाताला त्याचं वळणच पडत नाही. संध्याकाळी पापनाशमकडून त्याच्या बँकेतली माणसं गाड्यांवरून परततात, तेव्हा अजून माझे कान दाराशी जातात. आणि श्राद्धाचं पान तर तुला माहीतच आहे. बटाटा, गाजर, कोबी या इंग्लिश भाज्या, त्या चालत नाहीत. कच्ची केळी, कारलं, सुरण. सुरण दिसला की तो पानावरून उठायचा, आणि आता दरवर्षी त्याला सुरणच. मी वैद्यनाथशास्त्र्यांना हळूच विचारलं, बटाट्याची एक फोड कोपऱ्यात ठेवली तर? ते म्हणाले, अहो, आता तो आजे-पणज्यांच्या पंक्तीला बसलाय, ते खातात तेच खाईल. बरं म्हटलं. पण त्याचा आवडता बटाटा राहिला, हे मनातून जाईना.

म्हणून रविवारी सकाळी उठून मणीच्या भाजीच्या गाडीवर गेलो. तो हसायला लागला. काय तात्ता, काल कच्ची केळी नि सुरण, आज बटाटे, गाजर, कोबी, ढोबळी मिरची, पाहुणे येणार की काय? मी हो म्हणून टाकलं. का म्हटलं कोण जाणे. तर त्याने मूठभर बीन्स वर घातल्या, पाहुण्यांसाठी म्हणून.

तुझी सासू श्राद्धाचा स्वयंपाक करून करून आडवी पडली होती. गुडघे सुजलेत तिचे. मी एकटा स्वयंपाकघरात शिरलो. आधी गॅसची भीती. बंद केला की नाही ते पाहायला मी तीनदा वळतो, आणि इथे तर मीच तो पेटवायचा! चाकूने बोट कापेल ही भीती, धुराने ती उठेल ही भीती. तुझा फोन आला तो तेवढ्यात. तू ठेवल्यावर मी तू सांगितलंस तसंच केलं. दोशाचा लोखंडी तवा तापवला, कांदा परतला, गाजर, बीन्स, कोबी, मिरची टाकली, मग अर्धवट उकडलेले बटाटे. पण न हलवणं मला कुठलं जमतंय? करपतंय असं वाटून मी उलथनं घातलं, पुन्हा घातलं, पुन्हा. अर्ध्याचा लगदा झाला. तो बाजूला काढला आणि उरलेले बटाटे नव्याने पसरले. या वेळी उलथनं हातात घेऊन मागच्या दारी नळापाशी जाऊन उभा राहिलो, पाठ करून. चुरचुर ऐकू येत होती. फार जड गेलं. परत आलो तर खाली सोनेरी पापुद्रा धरला होता, तुझा धरायचा तसा.

तू पहिल्यांदा हे केलंस तेव्हा तुझ्या सासूने विचारलं होतं, ही भाजी आहे की भांडण? आणि सकाळी दहाच्या जेवणाला तू तवाच मध्ये आणून ठेवलास आणि म्हणालीस, आज सगळे एकदम बसायचं. या घरात ती नेहमी शेवटी जेवायची. त्या रविवारपासून आपण चौघे एकदम बसायला लागलो.

परवाही आम्ही तवा मध्ये ठेवला. दोघेच. मी तिला तुझं सांगितलं. ती म्हणाली, मीठ कमी आहे. आणि पुन्हा वाढून घेतलं. मग म्हणाली, पोरगी काय जन्मभर आपल्या दोघांसाठी बटाटे परतत बसणार होती? मुलगा कोण आहे ते तरी विचारलंत का? नाही म्हटल्यावर मला जे बोलली ते इथे लिहीत नाही. संध्याकाळी तिने स्वतः तुला फोन करून अनिरुद्धचं नाव, नोकरी, सगळं काढून घेतलं. मला मात्र फोन दिला नाही. म्हणाली, तुम्ही आता कोबीचं विचाराल.

पण मला विचारायचं आहे ते वेगळंच, आणि त्यासाठीच हे पत्र. लग्नानंतर मुलीच्या माहेरी नव्या जोडप्याला जेवायला बोलावतात. इकडे त्याला विरुंदु म्हणतात. तुझे आईवडील आता नाहीत. मग अनिरुद्धला जावई म्हणून पान कोण वाढणार, हाच घोर मला लागला आहे. इथे सुना सासऱ्याला मामा म्हणतात. तू पहिल्या दिवसापासून बाबा म्हणालीस, शेजारी हसले तरी म्हणालीस, आणि परवा ती बातमी सांगतानाही म्हणालीस. तेव्हा ते पान या घरी वाढू दे. लोक बोलतील, बोलू देत. त्याला कांदा चालतो का, तिखट किती, तेवढं कळव. नाही जमलं तरी तसंही कळव, मी मनाला लावून घेणार नाही. म्हणजे घेईन, पण तुला कळू देणार नाही. आलात तर तवा मध्ये ठेवीन, आणि बटाटे हलवणार नाही.

तुझाच,
बाबा