सहाय्यक अभिनेत्री

टॅम्पिनीस, सिंगापूर

कुंदास आशीर्वाद,

मी बरी आहे. तुझा गुडघा कसा आहे?

इथल्या लायब्ररीत जुने जपानी सिनेमे दाखवतात. त्यांतली एक नटी मला फार आवडते. जन्मभर तिने दारं उघडली, चहा ओतला, नायिकांचं रडणं ऐकून घेतलं. तिशीतच ती स्वतःच्या वयाच्या नटांची आई झाली. मी हळहळले, तर आमच्या अनघा सूनबाई म्हणाल्या, "आई, सहाय्यक अभिनेत्रीचं तेच तर काम!"

काल अनघाच्या मैत्रिणी आल्या होत्या. मी चहा नेला. एकीने तिला विचारलं, "ही तुमची हेल्पर?" इथे हेल्पर म्हणजे घरकामाची बाई. अनघा गप्प. कॉन्व्हेंटमधलं सगळं इंग्रजी माझ्या जिभेवर आलं, पण त्याआधीच आपली गार्गी इथल्या ढंगात ओरडली, "नो ला! हेल्परला रविवारी सुट्टी असते. ही आजी आहे!"

सगळे हसले. माझा लेक सारंगसुद्धा.

त्याला म्हटलं, येत्या रविवारचं माझं तिकीट काढ. का जातेस, हे त्याने विचारलं नाही. "मग गार्गीला शाळेतून कोण आणणार?" एवढंच विचारलं.

माझं घर उघडून ठेव. काळजी करू नकोस, तब्येत ठणठणीत आहे. फक्त आल्यावर पहिला चहा तू कर. मी बसून पिणार आहे.

तुझी,
ताई