टोपीची खूण

रेवदंडा, शुक्रवार, कार्तिक, १९३१

माझा वसंता शिकायला गिरगावात माझ्या धाकट्या बहिणीकडे असतो. आज दोघं बोटीनं आली. जेवताना ती म्हणाली, "ताई, संध्याकाळी मी ट्रामच्या थांब्यावर उभी असते ना, तर हा लांबूनच टोपी हलवतो गं!"

त्याच थांब्यावरून आम्ही दोघी कॉन्व्हेंटला जायचो. किती जीव होता माझा त्या जागेवर! आज नकोशी झाली.

टोपीची खूण आमची, माझी नि त्याची. बोट खाडीत शिरली की त्यानं हलवायची, खिडकीतून दिसली की मी भात चढवायचा. आज दिसलीच नाही.

"टोपी? मावशीकडे राहिली," म्हणाला.

मत्सर करतेय का मी? सख्ख्या बहिणीचा?

भात उशिरा झाला. लाकडं ओली होती, असं सांगितलं.