नावेची गणिते

मी, याकूत सापायेवा, वय सत्याहत्तर, राहणार उर्गेंचजवळ अमू नदीकाठी, बीजगणिताची निवृत्त शिक्षिका, हे सर्व माझ्या मर्जीने लिहिते; कोणी हात धरून लिहून घेतलेले नाही. माझे डोके ठिकाणावर आहे का, हे पाहायला आलेल्या डॉक्टरीणबाई माझ्याच विद्यार्थिनी निघाल्या. त्यांनी विचारले, "आपा, आईचं वय मुलीच्या तिप्पट आहे. बारा वर्षांनी दुप्पट होईल. मुलगी आज किती वर्षांची?"

मी म्हटले, "बारा. आई छत्तीस. आणि दाखला लवकर लिही, दूध उतू जातंय."

दाखला सोबत जोडला आहे.

कलम पहिले. माझा फळा गावच्या शाळेला द्यावा. मुलांना सांगावे, शाब्दिक गणित दोनदा वाचा, जे माहीत नाही त्याला आधी एक नाव द्या, मग त्याला भिऊ नका. उत्तर आले की प्रश्नात परत घालून पाहा.

कलम दुसरे. घर, अंगण आणि जर्दाळूचे झाड गुलअंदामला. ती माझ्या पोटची नाही, म्हणून कारण लिहिणे भाग आहे.

माझे पती मातचान अमूवर नाव चालवत. परवान्यासाठी प्रौढांच्या वर्गात आले आणि मागच्या बाकावरून मलाच गणित घातले. "बाई, एका संख्येत तुम्हाला मिळवलं की दोन होतात. ती संख्या कोणती?"

"एक. बसा खाली."

"एकटीच आहे हो बिचारी."

सगळा वर्ग हसला. शरद ऋतूत, खरबुजे उतरली तेव्हा आमचे लग्न झाले.

काही वर्षांनी वसंतातल्या पुरात ते माणसांना पलीकडे पोचवायला गेले. नाव बोरूच्या बेटात उलटी सापडली. माणसांपैकी कोणी सापडले नाही. मी डोक्याला पांढरा रुमाल बांधला नाही, की शोकाचा पुलाव शिजवला नाही. शाळेत मात्र नावेचीच गणिते घालू लागले. नाव प्रवाहाविरुद्ध जाते, प्रवाहाबरोबर परत येते, तर नदीचा वेग किती? मुख्याध्यापक म्हणाले, "आपा, रेल्वे आहे, ट्रॅक्टर आहेत. बारा महिने नावच का?" मी म्हटले, "रेल्वेत माझं कोणी बसलेलं नाही."

गुलअंदाम कोरा कागद द्यायची. हुशार मुलगी, पण नावेचे गणित आले की पेन खाली ठेवायची. एकदा मी रागावले, तेव्हा म्हणाली, "तुमची नाव दरवेळी परत येते, आपा. माझी आई तिच्यात कधीच नसते."

तिची आई ओयशा त्याच नावेत होती, हे मला ठाऊक होते. त्या दिवशी ते मला कळले. मुलगी मावशीच्या दारात परक्यासारखी राहत होती. मी तिला घरी आणले. रात्री तिच्यासाठी नवे गणित रचले. आजीने टोपलीतली अर्धी जर्दाळू शेजारणीला दिली, उरलेल्यांतली अर्धी नातीला, सहा उरली. तर आधी किती होती? तिने लिहिले, "चोवीस. आणि कोणी बुडालं नाही." नावेचे गणित मी पुन्हा घातले नाही.

आज गुलअंदाम पाटबंधारे खात्यात त्याच नदीचे पाणी मोजते.

कलम तिसरे. माझ्या स्वप्नात मातचान येतात. नदी दुधासारखी शांत असते, नाव तिच्यावर न टेकताच सरकते, आणि ते ओली टोपी पिळत विचारतात, "अजून सोडवतेच आहेस?" हे स्वप्न गुलअंदामच्या नावे करता येईल का, असे मी विचारले. नोटरीसाहेब म्हणाले, "स्थावर तर नाहीच. जंगम धरू का?" धरावे.

कलम चौथे. दीर कुरबानबाय यांच्याविषयी. नाव उलटली त्याच वर्षी ते म्हणाले, "वहिनी, दादा गेला. तसं लिहून दे, म्हणजे अर्धं अंगण माझ्या नावावर होईल." मी विचारले, "उत्तर कोणी तपासलं?" पुढे त्यांनी गुलअंदामला 'नदीने टाकलेली' म्हटले, आणि तेव्हापासून आम्ही एकमेकांच्या दारातला चहा प्यायलेला नाही. तरी मातचान यांची तुतीची काठी त्यांना द्यावी. म्हातारपणी पाय लटपटतात, हे खिडकीतून मला दिसते.

कलम पाचवे. नोटरीसाहेबांनी विचारले, "पत्नी लिहू की विधवा?" कायद्याला एक शब्द हवा असतो. मी नदीकडे पाहिले. गुलअंदाम शेजारी बसली होती. ती म्हणाली, "आपा, तुम्हाला जमेल तेच लिहा. मी दोन्हींत राहीन."

विधवा लिहावे.

तिने माझा हात धरला. म्हणाली, "मग त्यांच्या नावाने पुलाव शिजवायचा?"

"तुझ्या आईच्याही नावाने," मी म्हटले. इतकी वर्षे माझ्यामुळे तिचीही आई अंगणाबाहेर थांबली होती.

म्हणून या कलमाने माझ्या मरणाची वाट पाहू नये. उद्या सकाळी आमच्या अंगणात पुलाव शिजेल. मातचान आणि ओयशा यांच्यासाठी. गाव जेवेल.

हे सर्व मला वाचून दाखवले. बरोबर आहे.

सही: याकूत सापायेवा, विधवा.

साक्षीदार: जुमागुल आतामुरातोवा, डॉक्टर.

साक्षीदार: कुरबानबाय सापायेव. ज्याला काही मिळते त्याला साक्षीदार होता येत नाही, असे सांगितल्यावर यांनी काठीवरचा हक्क सोडला व सहीखाली स्वहस्ते लिहिले: "काठी नको. उद्या मोठी कढई मी आणतो. गुलअंदामबेटी, दार उघडं ठेव."

उर्गेंच, १४ एप्रिल २०११.